तिघांपैकी समान कोण?

शालेय अंकगणितातील ज्या प्रकरणाच्या नुसत्या नावाने पुष्कळ मुलांचा आत्मविश्वास डळमळतो, आणि शाळा संपल्यावर ज्याची पुन्हा गाठ पडते ती थेट पोलीस भरतीच्या किंवा तलाठी पदाच्या परीक्षेत, म्हणजे पोटापाण्याचा प्रश्न समोर उभा असताना, ते प्रकरण म्हणजे काळ, काम आणि वेग. त्यातील अंतराची आणि वेगाची उदाहरणे शाळकरी मुलांच्या शिष्यवृत्ती परीक्षांत असतात, आणि विशीबाविशीच्या उमेदवारापुढेही थोड्याफार फरकाने तीच येतात. त्यांतील आकडेमोड कठीण नसते. गुणाकार आणि भागाकार यांच्यापलीकडची कोणतीही विद्या त्यांस लागत नाही. तरीही नफातोट्याचे किंवा सरळव्याजाचे उदाहरण जे मूल सहज सोडविते, तेच मूल समोरासमोर येणाऱ्या दोन आगगाड्या पाहताच गोंधळून जाते. याचे कारण माझ्या मते एकच आहे. अंतर, वेग आणि काळ ही तीन पदे एकमेकांशी बांधलेली आहेत एवढे आपण मुलांना सांगतो, त्यांचे सूत्र पाठ करवून घेतो, त्रिकोणात तीन अक्षरे मांडून त्यांपैकी एकावर बोट ठेवण्याची युक्तीही शिकवितो. परंतु उदाहरण वाचून होताच सर्वांआधी जे विचारावयाचे, ते म्हणजे या तिघांपैकी समान राहिलेले पद कोणते, हे विचारावयास आपण शिकवीत नाही.

या एका प्रश्नाचे सामर्थ्य दाखविण्यास नाशिकएवढे सोयीचे गाव क्वचितच सापडेल. गावाबाहेरून मुंबईचा लोहमार्ग जातो आणि तो वाटेत सह्याद्रीचा एक अवघड घाट उतरतो. त्र्यंबकच्या वाटेवर आजही हजारो माणसे पायी चालतात. आणि दर बारा वर्षांनी गोदावरीच्या काठी भरणारा सिंहस्थ हा तर मुळातच आकाशातील एका ग्रहाच्या गतीवरून ठरतो.

प्रथम एककांविषयी थोडेसे सांगितले पाहिजे, कारण निम्म्या चुका तेथेच होतात. वेग म्हणजे ठराविक काळात तोडलेले अंतर. तो ताशी किलोमीटरांत सांगितला असेल आणि प्रश्न मात्र मीटर आणि सेकंद यांत विचारला असेल, तर आधी दोघांची भाषा एक करून घेतली पाहिजे. किलोमीटरचे मीटर १०००, तासाचे सेकंद ३६००. म्हणून ताशी किलोमीटरांच्या आकड्यास ५ ने गुणून १८ ने भागले की सेकंदास किती मीटर ते निघते. हा ५/१८ चा अपूर्णांक मुले मंत्रासारखा घोकतात, आणि मग ऐन वेळी गुणावयाचे की भागावयाचे या संभ्रमात पडतात. त्यापेक्षा ताशी ३६ किलोमीटर म्हणजे सेकंदास १० मीटर एवढी एकच जोडी मनात पक्की ठेवावी. ७२ चे २०, ९० चे २५, १०८ चे ३० हे तिच्यावरून आपोआप मिळते. नाशिकरोडहून मुंबईस जाताना खिडकीशी बसलेल्या मुलास याचा पडताळा स्वतः पाहता येतो. रुळांच्या कडेने विद्युत तारांचे जे खांब उभे असतात, त्यांच्यावर किलोमीटरचा अंक लिहिलेला असतो. तो अंक बदलल्यापासून पुन्हा बदलेपर्यंत किती सेकंद गेले ते घड्याळात पाहावे आणि ३६०० ला त्या संख्येने भागावे. ४५ सेकंद लागले तर गाडी ताशी ८० किलोमीटरने चालली आहे, ६० लागले तर ताशी ६० ने. येथे समान राहिलेले पद अंतर आहे, दर वेळी एकच किलोमीटर. म्हणून काळ वाढला की वेग घटतो, आणि ज्यास जुने शिक्षक व्यस्त त्रैराशिक म्हणत, ते मुलाच्या डोळ्यांसमोर घडते.

गाडीने खांब ओलांडणे आणि फलाट ओलांडणे हा पुस्तकांचा आवडता प्रकार. यात मुले चुकतात ती गाडीला लांबी असते हे विसरल्यामुळे. नव्या बनावटीचा एक डबा सुमारे २४ मीटर लांबीचा असतो, तेव्हा वीस डब्यांची गाडी इंजिनासह ५०० मीटरांची धरावयास हरकत नाही. ताशी ७२ किलोमीटर वेगाने, म्हणजे सेकंदास २० मीटर वेगाने ती एखाद्या खांबापाशी आली, तर तिचे तोंड खांबाशी पोचल्यापासून शेपूट सुटेपर्यंत तिला स्वतःच्या लांबीइतके, म्हणजे ५०० मीटर जावे लागते, आणि त्यास २५ सेकंद लागतात. फलाटही ५०० मीटरांचाच असला, तर तोंड फलाटास लागल्यापासून शेपूट फलाट सोडीपर्यंत अंतर १००० मीटर होते आणि काळ ५० सेकंद. याहून अधिक काही त्या प्रकारात नाही.

आता ज्या ठिकाणी सुशिक्षित मनुष्यही फसतो तेथे येऊ. नाशिक ते त्र्यंबकेश्वर हे अंतर हिशेबाच्या सोयीसाठी ३० किलोमीटर धरा. एस.टी. जाताना ताशी ३० किलोमीटर वेगाने गेली आणि येताना ताशी ६० ने आली, तर सबंध प्रवासाचा सरासरी वेग किती, असे विचारले असता दहांतील आठ जण ४५ असे सांगतात. जाण्यास लागला एक तास, येण्यास अर्धा; दीड तासात ६० किलोमीटर झाले, म्हणजे सरासरी ताशी ४० ची. ४५ हे उत्तर केव्हा बरोबर ठरले असते? एस.टी. एक तास ३० ने आणि एक तास ६० ने चालली असती तर. म्हणजेच दोन्ही भागांत काळ समान असला तरच वेगांची नुसती बेरीज करून तिचे अर्ध घेता येते. अंतर समान असले की तसे घेता येत नाही, कारण मंद गतीच्या भागात गाडी अधिक काळ असते, आणि म्हणून तो भाग सरासरीस आपल्याकडे अधिक ओढतो. याच उदाहरणाचा पुढचा प्रश्न मला फार महत्त्वाचा वाटतो. जाताना ताशी ३० ने गेलेल्या गाडीने परतताना किती वेगाने यावे, म्हणजे दोन्ही बाजूंची सरासरी ताशी ६० होईल? उत्तर: कोणत्याही वेगाने येणार नाही. ६० किलोमीटरांची सरासरी ६० हवी तर एकूण काळ एक तासच पाहिजे, आणि तो सगळा तास जातानाच खर्च झालेला आहे. हे ज्या मुलास एकदा उमगले, त्यास सूत्र पाठ करावे लागत नाही.

हीच गोष्ट कसाऱ्याचा घाट रोज प्रत्यक्षात दाखवितो. बोरीबंदर ते ठाणे ही पहिली गाडी १६ एप्रिल १८५३ रोजी धावली. परंतु सह्याद्री चढून देशावर येण्यास लोहमार्गाला पुढे आणखी बारा वर्षे लागली, आणि थळ घाटाचा, म्हणजे याच कसाऱ्याच्या घाटाचा, मार्ग १८६५ साली खुला झाला. कसारा ते इगतपुरी या सुमारे १५ किलोमीटरांत चढ इतका तीव्र आहे की काही भागात दर ३७ मीटरांस १ मीटर उंची चढावी लागते; रस्त्यावर हा चढ काहीच वाटणार नाही, परंतु लोखंडी रुळावर लोखंडी चाक असताना त्याची पकड मर्यादित असते, आणि म्हणून इगतपुरीकडे येणाऱ्या गाड्यांना कसाऱ्यास मागून लोटण्यासाठी जादा इंजिने जोडावी लागत आली आहेत. त्यांना रेल्वेचे लोक बँकर म्हणतात. उतरणीवरही गाडीस मोकळे सोडता येत नाही, ब्रेकांच्या परीक्षा आणि वेगाची मर्यादा पाळूनच ती खाली आणावी लागते. आता मुंबई ते नाशिकरोड या सुमारे १८८ किलोमीटरांचा हिशेब मांडा. घाटातील १५ किलोमीटर ताशी ३० ने, आणि उरलेले १७३ किलोमीटर ताशी ८० ने काटले असे समजा. घाटास अर्धा तास लागतो आणि बाकीच्या वाटेस सुमारे २ तास १० मिनिटे. म्हणजे अंतरात घाटाचा हिस्सा जेमतेम बारावा, पण काळात जवळजवळ पाचवा. आणि सरासरी वेग ८० च्या जवळपासही न राहता ७१ च्याही किंचित खाली येतो. वाटेतील थांबे, सिग्नल, बँकर जोडण्याचा वेळ यांत अजून धरलाच नाही. मनमाडहून नाशिकमार्गे मुंबईस जाणाऱ्या पंचवटी एक्स्प्रेसने, जी १९७५ पासून नाशिककरांच्या नित्याच्या प्रवासाचा भाग होऊन राहिली आहे, नोकरीसाठी दररोज जा-ये करणाऱ्या माणसास हे तत्त्व पुस्तकाशिवाय ठाऊक असते: घाटात गेलेली वीस मिनिटे पुढच्या सरळ मार्गावर भरून निघणे फार अवघड, कारण सरळ मार्गावर वेग पुष्कळ वाढविला तरी काळ थोडाच वाचतो.

दोन गाड्या समोरासमोर येतात तेव्हा काळ समान असतो. नाशिकरोडहून एक गाडी ताशी ५० ने मुंबईकडे निघाली आणि त्याच क्षणी मुंबईहून दुसरी ताशी ४४ ने नाशिककडे निघाली, तर दर तासास त्यांच्यामधील अंतर ९४ किलोमीटरांनी कमी होते, म्हणून १८८ किलोमीटरांस दोन तास लागतात. पहिली १०० किलोमीटर आलेली असते, दुसरी ८८, आणि भेट आसनगावच्या आसपास होते. वेगांची बेरीज का करावयाची, हे येथे सांगितले पाहिजे. दोघी एकाच वेळी निघाल्या आणि एकाच वेळी भेटल्या. दोघींचा काळ एक, म्हणून त्यांची अंतरे त्यांच्या वेगांच्याच प्रमाणात असणार. एकच दिशा असली की बेरजेच्या जागी वजाबाकी येते. पौष महिन्यात संत निवृत्तिनाथांच्या यात्रेसाठी त्र्यंबकेश्वरास निघालेली एखादी दिंडी पहाटे ५ वाजता नाशिकहून ताशी ४ किलोमीटर चालीने निघाली, आणि तिच्यातील मागे राहिलेला एक वारकरी ८ वाजता सायकलवरून ताशी १२ ने निघाला, तर तो निघतेवेळी दिंडी १२ किलोमीटर पुढे असते. दर तासास तफावत ८ किलोमीटरांनी तुटते. दीड तासात, म्हणजे साडेनऊला, नाशिकपासून १८ किलोमीटरांवर, अंजनेरीच्या अलीकडे तो तिला गाठतो. पडताळा पाहावयाचा तर दिंडी साडेचार तास चालली, चार साडेचोक अठरा. सायकलस्वार दीड तास, बारा दिडी अठरा. दोघांचे अंतर समान आले, म्हणजे हिशेब बिनचूक आहे.

हा बेरीज-वजाबाकीचा नियम इंग्रजी अंकगणिताबरोबर आपल्याकडे आला, अशी पुष्कळांची समजूत असते. ती खरी नाही. इ.स. ४९९ च्या सुमारास आर्यभटाने आपल्या आर्यभटीय ग्रंथाच्या गणितपादात हाच नियम एका श्लोकात बांधून ठेवला आहे: विरुद्ध दिशांनी चालणाऱ्या दोहोंमधील अंतरास गतींच्या बेरजेने भागावे, एकाच दिशेने चालणाऱ्यांच्या अंतरास गतींच्या वजाबाकीने, म्हणजे त्यांच्या भेटीचा काळ मिळतो, मग ती भेट होऊन गेलेली असो वा व्हावयाची असो. त्यास ही गरज आगगाडीसाठी अर्थातच पडली नव्हती. ग्रहांच्या युती केव्हा होतात हे सांगण्यासाठी त्याला हा नियम हवा होता, आणि आपल्या घरातील पंचांग आजही त्याच पायावर उभे आहे.

चंद्र दिवसाला सरासरीने सुमारे १३ अंश १० कला पुढे सरकतो आणि सूर्य सुमारे ५९ कला. दोघांची दिशा एकच. म्हणून वजाबाकी करावयाची, आणि चंद्र सूर्यापासून दररोज सुमारे १२ अंश ११ कला दूर जातो. या दोहोंमधील अंतर १२ अंशांनी वाढले की एक तिथी पुरी होते. अमावास्येस चंद्राने सूर्यास गाठलेले असते, आणि ३६० अंशांचा पूर्ण फेरा घालून तो त्यास पुन्हा गाठतो तेव्हा पुढची अमावास्या होते. ३६० ला दैनिक तफावतीने भागले की साडेएकोणतीस दिवसांहून थोडा अधिक असा चांद्रमास मिळतो. दिंडीस गाठणारा सायकलस्वार आणि सूर्यास गाठणारा चंद्र यांचे गणित अक्षरशः एकच आहे. फरक एवढाच की चंद्राचा वेग स्थिर नसतो. तो कधी जलद चालतो, कधी मंद, आणि त्यामुळे तिथी कधी लांबते, कधी आखूड होते, तिचा क्षय किंवा वृद्धी होते. सरासरी गती येथे अपुरी पडते, हे ओळखून भास्कराचार्यांनी सिद्धान्तशिरोमणीत तात्कालिक गतीचा, म्हणजे त्या त्या क्षणाच्या गतीचा, विचार मांडला. घाटातील गाडीचा वेग आणि सबंध प्रवासाचा सरासरी वेग यांतील जो भेद आपण वर पाहिला, त्याचेच हे अतिशय सूक्ष्म रूप होय, आणि ते बाराव्या शतकात एका ज्योतिर्विदास दिसले याचे मला आजही विलक्षण कौतुक वाटते.

सिंहस्थाचा काळही असाच गतीतून येतो. गुरू हा ग्रह बारा राशींचा फेरा ११.८६ वर्षांत पुरा करतो, म्हणून एका राशीस त्यास सरासरीने वर्षाहून चार दिवस कमी लागतात; तो सिंह राशीत आला की नाशिक-त्र्यंबकेश्वरास सिंहस्थ होतो. २००३ मध्ये झाला, २०१५ मध्ये झाला. लोक म्हणतात बारा वर्षांनी, आणि व्यवहारात ते ठीकच आहे. परंतु बारा वर्षे आणि गुरूचा खरा फेरा यांत सुमारे ५० दिवसांची तूट राहते. ती फेऱ्यागणिक साचत जाते, सात फेऱ्यांत जवळजवळ एक वर्ष भरते, आणि मग एखादा कुंभ बाराऐवजी अकराव्याच वर्षी येतो. हरिद्वारास २०१० नंतरचा कुंभमेळा २०२१ मध्येच भरला, त्यामागे हेच कारण होते. यात समान मानलेले पद गुरूची सरासरी गती. तिला बारा या सोयीच्या आकड्यात बसविले की उरलेली बाकी केव्हातरी वसूल होतेच.

भास्कराचार्यांचा उल्लेख आला आहे तर त्यांच्या लीलावतीतील एक उदाहरण येथे मांडल्याशिवाय राहवत नाही. इ.स. ११५० मध्ये लिहिलेला हा ग्रंथ खानदेशाशी निगडित आहे. चाळीसगावजवळच्या पाटण येथील ज्या शिलालेखावर डॉ. भाऊ दाजी लाड यांनी एकोणिसाव्या शतकात प्रकाश टाकला, त्यात भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापिल्याचे नमूद आहे. उदाहरण असे: नऊ हात उंचीच्या खांबावर मोर बसला आहे, खांबाच्या पायथ्याशी सापाचे बीळ आहे, आणि खांबाच्या तिप्पट, म्हणजे सत्तावीस हात अंतरावरून साप बिळाकडे येत आहे. मोराने त्याच्यावर तिरकी झेप घेतली. दोघांनी सारखेच अंतर तोडले असल्यास बिळापासून किती हातांवर ते भेटले? वरवर पाहता हे भूमितीचे उदाहरण. परंतु त्याची किल्ली सारखेच अंतर या दोन शब्दांत आहे. काळ दोघांचा एक, कारण निघाले एकदम आणि भेटले एकदम. अंतरही एक, तेव्हा वेगही एकच. भेटीची जागा बिळापासून बारा हातांवर धरून पाहा: साप सत्तावीसातून बारा वजा जाता पंधरा हात आला, आणि नऊ व बारा या बाजूंच्या काटकोन त्रिकोणाचा कर्णही पंधराच. जगातील सर्व व्यवहार श्रीहरीने व्यापिला आहे त्याप्रमाणे सर्व गणित त्रैराशिकाने व्यापिले आहे, अशा आशयाचे विधान याच ग्रंथात भास्कराचार्यांनी केले आहे, आणि वेगाच्या उदाहरणांपुरते तरी त्यात अतिशयोक्ती मुळीच नाही.

गणित आणि आगगाडी यांची जोड नाशिकला नवी नाही. मुंबईकडून येताना नाशिकरोडच्या अलीकडचे स्थानक देवळाली. तेथील शाळेत दत्तात्रय रामचंद्र कापरेकर हे १९३० पासून १९६२ पर्यंत शिक्षक होते. ६१७४ या संख्येचा चमत्कार त्यांनी १९४९ मध्ये जगापुढे मांडला, आणि मुंबईजवळच्या ज्या रेल्वे स्थानकावर त्यांना एका संख्याप्रकाराची कल्पना सुचली, त्या स्थानकाचेच नाव त्यांनी त्या संख्यांना दिले, डेम्लो संख्या असे. ज्या शिक्षकास गाडीची वाट पाहताना संख्या दिसत, त्याच्या गावच्या मुलांना आगगाडीच्या गणिताची भीती वाटावी, हे मला खरोखर खटकते.

ही भीती घालविण्यास फार सामग्री लागत नाही. उदाहरण वाचून होताच एक रेघ ओढावी, तिच्या टोकांस गावांची नावे लिहावी, कोण कोठून कोठे निघाले ते बाणांनी दाखवावे, आणि प्रत्येक प्रवासाखाली अंतर, वेग, काळ यांची तीन घरे आखून जे माहीत आहे तेवढेच भरावे. दोन प्रवासांत जे घर सारखे आहे त्यावर खूण करावी. अंतर सारखे असेल तर काळ वेगांच्या उलट प्रमाणात, काळ सारखा असेल तर अंतरे वेगांच्या सरळ प्रमाणात, वेग सारखा असेल तर अंतरे काळाच्या सरळ प्रमाणात. उत्तर आल्यावर ते व्यवहाराशी ताडून पाहावे; माणूस ताशी चार-पाच किलोमीटर चालतो, सायकल दहा-पंधराने जाते, आणि एखाद्या पादचाऱ्याचा वेग ताशी ४० आला तर पुन्हा पहिल्या ओळीकडे जावे.

एक मुलगी घरून शाळेस ताशी ४ किलोमीटर चालीने निघाली तर १० मिनिटे उशिरा पोचते, आणि ताशी ५ किलोमीटर चालीने निघाली तर ५ मिनिटे आधी. शाळा किती दूर? पुस्तके येथे अज्ञात अक्षर मानून समीकरण मांडावयास सांगतात, आणि ते चुकीचे नाही. परंतु प्रश्न विचारावा: समान काय? घर तेच, शाळा तीच, अंतर समान. वेग ४ आणि ५ यांच्या प्रमाणात, म्हणून काळ ५ आणि ४ यांच्या प्रमाणात. दोहोंतील फरक एका भागाचा, आणि तो १५ मिनिटांचा आहे. म्हणजे हळू चालल्यास ५ भाग, ७५ मिनिटे, आणि झपाट्याने चालल्यास ४ भाग, ६० मिनिटे. ताशी ५ ने साठ मिनिटे, शाळा ५ किलोमीटरांवर. ताशी ४ ने ७५ मिनिटे चालली तरी अंतर तेवढेच येते, आणि शाळेची घंटा निघाल्यापासून ६५ मिनिटांनी होते.